गाव सोडताना
(साक्षरता वर्गात दिलेले भाषण)



आज मी तुमच्याशी एका जुन्याच गोष्टीवर बोलणार आहे. माणूस गाव का सोडतो? सोडल्यावर त्याचे काय होते? आणि जी माणसे मागे राहतात, त्यांचे काय होते?

आपल्या रत्नागिरी जिल्ह्याला ही गोष्ट काही नवी नाही. ज्या घरातले एकही माणूस मुंबईला गेले नाही, असे घर आपल्या वाडीत शोधून दाखवा. सापडायचे नाही. तरीही आपण या गोष्टीचा फारसा विचार करत नाही. पाऊस पडतो, तशी माणसे जातात, असे आपण धरून चालतो. पण मोठमोठ्या अभ्यासकांनी या विषयात आपली वर्षेच्या वर्षे घातली आहेत. त्यांनी काय शोधले, ते मी साध्या बोलीत सांगतो. तुम्ही ते आपल्या घराशी ताडून पाहा. पटले तर घ्या. नाही पटले तर उठून विचारा.

कोण जातो आणि कुठे जातो?

रेव्हनस्टाईन नावाचा एक गृहस्थ होता. मूळचा जर्मनीचा. तरुणपणी तो इंग्लंडला गेला आणि तिथेच राहिला. नकाशे काढणे हे त्याचे काम. म्हणजे बघा, स्वतः घर सोडून आलेला माणूस. तिकडे १८८१ साली शिरगणती झाली. कोण कुठे जन्मला आणि आता कुठे राहतो, हे तिच्यात लिहिलेले होते. रेव्हनस्टाईनने ते आकडे तपासले आणि १८८५ साली आपले म्हणणे छापले.

त्याला काय दिसले? पहिली गोष्ट, बहुतेक माणसे लांब जात नाहीत, जवळच जातात. जी लांब जातात, ती मोठ्या व्यापाराच्या आणि कारखान्यांच्या शहरात जातात. दुसरी गोष्ट, एका गावची माणसे शहरात गेली की त्यांची रिकामी जागा आणखी लांबची माणसे येऊन भरतात. तिसरी गोष्ट, जसा जाणाऱ्यांचा ओघ असतो, तसा परत येणाऱ्यांचाही असतो.

आता ताडून पाहा. आपली माणसे मुंबईला गेली. मग आपल्या आंब्याच्या बागा राखायला कोण आले? नेपाळचे लोक आले. ते कुठून आले, का आले, हे आपण त्यांना कधी विचारले आहे का? आपला मुलगा मुंबईत जसा परका, तसेच ते इथे परके. आपल्या मुलाशी लोकांनी जसे वागावे असे आपल्याला वाटते, तसेच आपण त्यांच्याशी वागले पाहिजे.

रेव्हनस्टाईनने आणखी एक गोष्ट सांगितली. जवळच्या जवळ जाण्यात पुरुषांपेक्षा बायाच अधिक असतात. हे ऐकून पुष्कळांना नवल वाटते. पण नवल कसले? आता या वर्गात ज्या बाया बसल्या आहेत, त्यांनी सांगावे. तुमच्यापैकी किती जणी याच गावात जन्मल्या? फार तर एखाददुसरी. बाकीच्या सगळ्या लग्न होऊन आल्या. आपल्या देशाची २०११ साली शिरगणती झाली. तेव्हा सुमारे ४५ कोटी माणसे आपले आधीचे ठिकाण सोडून दुसरीकडे राहत होती. त्यांत दर तीन माणसांमागे दोन बाया होत्या. बायांच्या जाण्याचे सगळ्यांत मोठे कारण लग्न.

म्हणून आयाबहिणींनो, गाव सोडणे म्हणजे काय, हे तुम्हाला कुणी शिकवायला नको. मुलगा मुंबईला निघतो, तेव्हा त्याला धीर कसा द्यायचा हे घरात तुम्हालाच आधी कळते. कारण तुम्ही ते एकदा भोगलेले असते.

ढकलणारे आणि ओढणारे

पुढे १९६६ साली एव्हरेट ली नावाच्या अमेरिकन प्राध्यापकाने याची नीट मांडणी केली. तो म्हणाला, माणूस हलतो तेव्हा चार गोष्टी पाहाव्यात. त्याच्या गावात काय आहे. जिथे जायचे तिथे काय आहे. मध्ये अडचणी कोणत्या आहेत. आणि तो माणूस कसा आहे.

आपल्या कोकणाचे घ्या. गावात काय होते? डोंगरउतार, कातळ आणि थोडी भाताची खाचरे. पाऊस धो धो पडतो, पण समुद्राला वाहून जातो. पावसाळ्यात भात, वरकस जमिनीत नाचणी आणि वरी. त्यातून खोताचा हिस्सा. १९४९ च्या कायद्याने खोती गेली, पण त्याआधी कुळाच्या घरात वर्षाचे धान्य उरत नसे. हे झाले ढकलणारे.

आणि मुंबईत काय होते? कावसजी दावर यांनी १८५४ साली मुंबईत कापडगिरणीची कंपनी काढली. दोन वर्षांनी गिरणी सुरू झाली. मग एकामागून एक गिरण्या उभ्या राहिल्या. तिथे महिन्याला रोख पगार मिळत होता. हे झाले ओढणारे. १९२१ च्या शिरगणतीत मुंबईतल्या दर १०० माणसांपैकी ८० हून अधिक माणसे शहराबाहेर जन्मलेली होती. त्यांत आपले रत्नागिरीकर खूप होते.

मधली अडचण म्हणजे समुद्र आणि घाट. पण बोटी सुरू झाल्या आणि वाट सोपी झाली. पावसाळ्यात मात्र बोटी बंद. कोकण रेल्वे पूर्ण झाली ती १९९८ साली. तोवर आमच्या दोन-तीन पिढ्या बोटीने आणि एसटीने गेल्या.

आणि चौथी गोष्ट, माणूस. एकाच घरातले दोन भाऊ. एक जातो, दुसरा जात नाही. जो जातो, त्याची मुंबईत कुणाची तरी ओळख असते. मामा असतो, वाडीतला कुणी असतो. परळला किंवा लालबागला गाववाल्यांची एक खोली असते. एका खोलीत वीस-पंचवीस माणसे. काही दिवसपाळीला, काही रातपाळीला. म्हणून एकाची वळकटी उचलली की दुसऱ्याची पसरायची. जेवण खानावळीत. ती खानावळही गावाकडचीच कुणी बाई चालवायची. गिरणीत चिकटवायलाही ओळखीचाच जॉबर लागे. अनोळखी शहरात माणूस एकटा जात नाही. तो ओळखीच्या धाग्याला धरून जातो.

ढकलणाऱ्या गोष्टींत केवळ पोटच असते असे समजू नका. मानाचाही प्रश्न असतो. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे मूळ गाव आंबडवे. ते आपल्याच जिल्ह्यात, मंडणगड तालुक्यात. त्यांचे वडील रामजी सकपाळ लष्करात होते. पुढे हे कुटुंब मुंबईला आले आणि परळच्या चाळीत राहिले. बाबासाहेब तिथून एल्फिन्स्टन हायस्कुलात शिकले. गावात ज्याला पाणवठ्यावर मज्जाव होता, त्याला शहरात निदान नळ आणि शाळा तरी दिसली.

पण शहराने जात पुसली, असेही नाही. गिरण्यांत कापडखाते होते. तिथे पगार जास्त. त्या काळी धोट्यातून सूत ओढून घ्यायला विणकराला तोंड लावावे लागे. मग अस्पृश्यांनी तोंड लावलेला धोटा आम्ही कसा लावू, असे बाकीचे म्हणत. त्यामुळे चांगल्या पगाराचे ते काम अस्पृश्यांना मिळत नसे. माणूस बोटीत बसला की गाव मागे राहते. पण गावातली सगळीच घाण मागे राहत नाही. ती आपल्याबरोबर येते. ती धुवावी लागते.

मजुरी आणि दिवस

आता थोडा हिशेब करू. तुम्ही अंक शिकला आहात. पाटीवर मांडा.

तोडारो नावाच्या एका अर्थशास्त्र्याने १९६९ साली एक प्रश्न विचारला. शहरात पुष्कळ माणसे बेकार आहेत, हे सगळ्यांना दिसते. तरी खेड्यातली माणसे शहराकडे का धावतात? त्याचे उत्तर असे. माणूस नुसती शहरातली मजुरी पाहत नाही. ती मजुरी आपल्याला मिळण्याची आशा किती, हेही तो मनात धरतो. आशा मोठी असली तर तो निघतो.

समजा, गावात ३०० रुपये रोज मिळतो आणि महिन्याला २० दिवस काम लागते. झाले ६,००० रुपये. घर आपले, जेवण घरचे. समजा, शहरात ६०० रुपये रोज आहे. दुप्पट! पण काम १५ दिवसच लागले. झाले ९,००० रुपये. त्यातून खोली, खानावळ आणि गाडीभाडे मिळून ५,५०० गेले. उरले ३,५०० रुपये. म्हणजे दुप्पट मजुरी असूनही हाती कमीच आले. पण काम २५ दिवस लागले, तर १५,००० होतात आणि ९,५०० उरतात. मग जाणे फायद्याचे.

काय कळले? मजुरी किती, हा अर्धाच प्रश्न. काम किती दिवस, हा दुसरा अर्धा. शहरातून आलेला माणूस नवी पँट घालून पहिल्या अर्ध्याचे उत्तर देतो. दुसऱ्या अर्ध्याचे उत्तर आपण त्याला विचारून काढून घ्यायचे.

ठरवतो कोण?

आता मुख्य गोष्टीवर येतो. पूर्वी अभ्यासक धरून चालत की जाणारा माणूस एकटा ठरवतो. १९८५ साली ओडेड स्टार्क आणि डेव्हिड ब्लूम या दोघांनी वेगळा विचार मांडला. ते म्हणाले, हा निर्णय एकट्याचा नसतो, तो कुटुंबाचा असतो. कुटुंब आपली सगळी अंडी एका टोपलीत ठेवत नाही. एका मुलाला शेतीत ठेवते, एकाला शहरात धाडते. पीक बुडाले तर पगार तारतो. पगार बुडाला तर शेत तारते.

आपल्या चाकरमान्यांचे अगदी हेच होते. एक पाय मुंबईत, एक पाय गावात. १८८० साली टपालातून मनीऑर्डर सुरू झाली. तिने हे दोन पाय जोडले. आता पैसे मोबाईलवरून येतात, पण धागा तोच. शिमग्याला आणि गणपतीला माणूस घरी येतो, तोही याच धाग्याने.

पण मंडळी, गावातला पाय कुणी रोवून धरला होता? बायांनी. नवरा गिरणीत असताना लावणी, कापणी, गुरे, म्हातारी माणसे आणि पोरांची दुखणी हे सगळे त्यांनी ओढले. हे मी नुसते तोंडाने सांगत नाही, आकडे सांगतात. २०११ साली महाराष्ट्रात दर १,००० पुरुषांमागे ९२९ बाया होत्या. रत्नागिरी जिल्ह्यात दर १,००० पुरुषांमागे १,१२२! म्हणजे पुरुष बाहेर आणि बाया घरी. आणि आता तर कुटुंबेच्या कुटुंबे जात आहेत. २००१ साली आपल्या जिल्ह्यात १६ लाख ९६ हजारांवर माणसे होती. २०११ साली ती १६ लाख १५ हजारांवर आली. साऱ्या राज्याची वस्ती वाढली, आपली घटली. कुलूप लावलेली घरे तुम्ही रोज पाहताच.

मी तरुणपणी मास्तर झालो, तेव्हा बाया माझ्याकडे पत्रे लिहून घ्यायला यायच्या. एक बाई दर महिन्याला यायची. सांगायची, "लिवा गुरुजी, आमी सगली खुशाल हाव." त्या पावसात तिचा बैल मेला होता आणि पडवी कोसळली होती. मी म्हटले, "हे नाही का लिहायचे?" ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "तुमच्याम्होरं मी काय नि किती सांगू?"

तिचे म्हणणे खरे होते. नवऱ्याला जे सांगायचे, ते परक्या माणसाच्या हाताने कसे लिहिणार? अक्षर दुसऱ्याचे असले की मन आपले राहत नाही. तो नवरा तिकडे समजत असेल की घरी सगळे ठीक आहे. दोघेही एकमेकांची काळजी वाहत होते आणि दोघांनाही एकमेकांचे काही कळत नव्हते. तुम्ही अक्षर शिकलात, त्याचा एक मोठा उपयोग हा आहे. आता तुमचे सुखदुःख तुम्हीच लिहा.

उलटा ओघ

रेव्हनस्टाईन म्हणाला होता, परतीचाही ओघ असतो. आपल्याकडे तो तीन वेळा फार मोठा दिसला.

१८९६ साली मुंबईत प्लेग आला. लाखो माणसे शहर सोडून पळाली. पुष्कळांनी आपापले गाव गाठले.

१९८२ साली १८ जानेवारीला गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. पुढारी डॉ. दत्ता सामंत. सुमारे अडीच लाख कामगार संपात उतरले. तो संप मिटला असे कुणी कधी जाहीरच केले नाही. गिरण्या बंद पडत गेल्या, माणसे गावी येत गेली. तेव्हा वर्षाच्या मध्येच माझ्या शाळेत नवी पोरे येऊ लागली. मुंबईच्या शाळेचा दाखला हातात, आणि बाप ओसरीवर मान खाली घालून बसलेला. त्या वर्षी कित्येक घरे तगली ती त्या दीड-दोन खाचरांवर. ती खाचरे बायांनी पडीक टाकली नव्हती, म्हणून.

२०२० साली मार्च महिन्यात करोनाच्या साथीमुळे देशभर टाळेबंदी झाली. गाड्या बंद, कामे बंद. मजूर पायी गावाकडे निघाले. ८ मे रोजी मराठवाड्यात करमाडजवळ रुळांवर झोपलेले १६ मजूर मालगाडीखाली गेले. ते मध्य प्रदेशातले होते. जालन्याहून घरी निघाले होते. शहर त्यांच्या श्रमावर चालत होते, पण संकटात त्यांना उभे राहायला जागा नव्हती. म्हणून ते गावाकडे धावले.

यातून एक धडा घ्यायचा. गावचे घर आणि गावची माणसे हा जाणाऱ्याचा विमा आहे. विम्याचा हप्ता भरावा लागतो. जो तो भरत नाही, त्याला संकटात काही मिळत नाही.

पाय तोडून जाणे

पण सगळीच माणसे अशी एक पाय घरात ठेवून जात नाहीत. घाटावर बीड जिल्हा आहे. तिथून दरवर्षी दिवाळीच्या सुमारास कुटुंबेच्या कुटुंबे ऊस तोडायला साखर कारखान्यांकडे जातात. हंगाम संपेपर्यंत चार-सहा महिने पालात राहतात. नवरा आणि बायको मिळून एक कोयता धरतात. मुकादम त्यांना आधीच रक्कम देतो. तिला उचल म्हणतात. मग टनावर तोडणीचा हिशेब होतो आणि उचल फिटेपर्यंत काम करायचे. नाही फिटली तर बाकी पुढच्या वर्षावर. पोरे बरोबर गेली की शाळा बुडते. त्यासाठी गावात हंगामी वसतिगृहे काढली आहेत. पण सगळी पोरे काही त्यांत राहत नाहीत.

बघा, आपला चाकरमानी पगार घेऊन पैसे घरी पाठवी. ऊसतोड कामगार पैसे आधी घेऊन ते अंगावर बाळगत निघतो. दोघेही गाव सोडतात, पण एकाच्या हातात थोडी निवड आहे, दुसऱ्याच्या हातात नाही. म्हणून जाणे चांगले की वाईट, असे मला कुणी विचारले तर मी म्हणतो, तो प्रश्नच अपुरा आहे. निवड करून जाता की कर्जाने ओढले जाता, ते आधी सांगा.

मग काय करावे?

मी कुणाला जा म्हणत नाही, जाऊ नको म्हणत नाही. पण जाण्याआधी पाच गोष्टी करा.

पहिली: घरातल्या सगळ्यांना बसवून ठरवा. बायकोला विचारा, आईला विचारा. मागचे ओझे त्यांनी उचलायचे आहे. ज्याने ओझे उचलायचे, त्याला बोलायचा हक्क आहे.

दुसरी: मजुरी आणि दिवस, दोन्ही विचारून हिशेब कागदावर मांडा.

तिसरी: उचल घेतली असेल तर तारीख आणि रक्कम आपल्या वहीत आपल्या अक्षरात लिहा. कोऱ्या कागदावर अंगठाही नको आणि सहीही नको.

चौथी: शिधापत्रिका आणि आधार कार्ड बरोबर ठेवा. आता एका राज्याची शिधापत्रिका दुसऱ्या राज्यातही चालते, सरकारी धान्य तिथेही मिळते. आपला हक्क गावातच टांगून जाऊ नका.

पाचवी: मुलांची शाळा तोडू नका. मूल मागे ठेवायचे असेल तर कोणाकडे, ते आधी ठरवा. बरोबर न्यायचे असेल तर दाखला घ्या आणि तिकडच्या शाळेत लगेच नाव घाला.

आणि जी माणसे मागे राहतात, त्यांनीही एक करावे. सातबारा कुणाच्या नावावर आहे, कर्ज किती आहे, पैसे किती आले आणि कशात गेले, हे स्वतः वाचा आणि लिहून ठेवा. घर राखणारी बाई घराचा कागद वाचू शकली पाहिजे.

पोटासाठी बाहेर पडणे यात लाज नाही. गावात राहून शेत राखणे यातही कमीपणा नाही. जाणारा आणि राहणारा मिळून एक संसार चालतो. दोघांनी एकमेकांना खरे सांगावे, हिशेब उघडा ठेवावा, आणि परतीची वाट मोडू देऊ नये. एवढेच माझे सांगणे आहे.



वर्गात बोलण्यासाठी

१. तुमच्या घरातले कोण कोण बाहेरगावी आहे? ते का गेले?
२. तुमच्या वाडीत बाहेरून कोण कामाला येते? ते कुठले?
३. घरातून कुणी जायचे, हे तुमच्या घरी कोण ठरवते?
४. बाहेरगावी असलेल्या आपल्या माणसाला पाच ओळींचे पत्र स्वतः लिहा. त्यात एक तरी गोष्ट अशी लिहा, जी दुसऱ्याकडून लिहून घेता आली नसती.